काळ्या लुडीच्या गावात

आम्हा बडोदेकरांना कच्छ म्हटले की पांढरे रण आठवते. मी मात्र गेल्या हिवाळ्यात भुजला गेले ती लुडी पाहायला. लुडी म्हणजे रबारी बायकांची लोकरीची ओढणी. रंग काळा, त्यावर लाल ठिपक्यांची बांधणी, डोक्यावरून थेट पाठीवर सोडलेली. एवढ्या उन्हाच्या मुलखात लोकर कशाला, असे वाटेल. पण दिवसाचे ऊन आणि रात्रीची बोचरी थंडी, दोन्हींत ती उपयोगी पडते.

भुजपासून जेमतेम ८ किलोमीटरवर भुजोडी हे विणकरांचे गाव आहे. गल्लीत शिरले की मागांची खटखट सुरू होते. एका वणकर काकांनी मला खड्ड्यातला माग दाखवला. जुने माग अरुंद, म्हणून दोन पट्टे विणायचे आणि मधोमध जोडायचे. त्या जोडशिवणीवरही नक्षी असे.

काका सांगू लागले, "मेंढ्या रबाऱ्यांच्या, सूत कातणार त्यांच्याच बायका. विणणार आम्ही, बांधणी आणि रंग खत्र्यांचा." मोबदला धान्य, दूध, तूप असा. ठरलेल्या विणकराकडे ठरलेली रबारी घरे, पिढ्यान्‌पिढ्या. आपल्याकडे धनगरांची लोकर आणि सणगरांनी विणलेले घोंगडे, तसाच हा शेजारधर्म.

"आणि आता?" मी विचारले.

काका नुसते हसले. कुरणे आटली, कळप कमी झाले. आता बहुतेक रबारी बायका गिरणीतल्या कृत्रिम धाग्याच्या ओढण्या घेतात. त्या स्वस्त असतात, धुवायलाही सोप्या. त्यांना दोष कसा द्यायचा? २६ जानेवारी २००१ च्या भूकंपात भुजोडीची घरे पडली. पुढे संस्था आल्या, शहरातले गिऱ्हाईक वाढले. विणकर शाली आणि स्टोल विणू लागले, त्यांतली बरीच लोकर बाहेरची. माग वाचले, पण शेजारी गिऱ्हाईक उरले नाही.

काकूंनी ट्रंकेतून जुनी लुडी काढली. मी ती डोक्यावर घेतली. मेंढरांचा वास अजून होता. "विकणार का?" असे विचारायचे तोंडाशी आले होते, पण काकू ज्या निगुतीने घडी घालत होत्या ते पाहून गप्प बसले.

भुजोडीला गेलात तर शाल जरूर घ्या. मात्र भाव करण्याआधी "लोकर इथली आहे का?" एवढे विचारा. इथल्या लोकरीला मागणी राहिली, तरच मेंढ्या राखणाऱ्याचे आणि विणणाऱ्याचे नाते टिकेल.