परवान्याचा वारस

माणसामागे काय काय उरते याची यादी करायला बसावे, तर मोठी गंमत दिसते. घर उरते, देणे उरते, खुंटीवरची टोपी उरते. क्वचित चांगले नावही उरते. पण ज्या कागदाच्या जोरावर त्याने चार पैसे मिळवले, तो परवाना मात्र बहुधा धन्याबरोबरच डोळे मिटतो.

कायद्याचा हा स्वभाव जुनाच आहे. वकील मंडळी ज्याला ईझमेंट अॅक्ट म्हणतात, तो आमच्या मध्यप्रांतात १८८२ साली आला. मुंबईला त्यासाठी १८९१ साल उजाडावे लागले. दुसऱ्याच्या जागेत काही करण्याची नुसती परवानगी असेल, तर उलट काही ठरल्यावाचून ती तिसऱ्याच्या हवाली करता येत नाही, असे तो सांगतो. अपवाद करमणुकीच्या जागेचा! म्हणजे नाटकाचे तिकीट खुशाल शेजाऱ्याला द्यावे. पण कुणाच्या ओट्यावर दुकान मांडण्याची परवानगी तशी देता येत नाही.

महालात आमच्या शेजारचा एक ऑटोरिक्षावाला अचानक गेला. मागे बायको, दोन मुली आणि म्हातारी आई. रिक्षा दारात उभी होती, पण किल्ली धाकट्या भावाच्या खिशात. तेराव्याचे पान उठते न उठते तोच तो म्हणाला, "वहिनी, परमिट माझ्या नावावर करून घेतो. तुम्हाला काही कमी पडू देणार नाही."

त्याच्या मनात कपट होते असे मला वाटत नाही. १९८८ च्या मोटार वाहन कायद्यात म्हटले आहे की, परवानाधारक वारला तर वाहनाचा ताबा ज्याच्याकडे येतो त्याला तीन महिने तो परवाना वापरता येतो. मात्र मृत्यूची आणि आपल्या इराद्याची खबर तीस दिवसांत द्यायला हवी, आणि नाव बदलण्याचा अर्ज तीन महिन्यांत. भावाने 'ताबा' हा शब्द घट्ट धरला. किल्ली माझ्याकडे, म्हणजे ताबा माझा!

पण १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याने बायको, मुलगे, मुली आणि आई यांना पहिल्या वर्गात बसवले आहे. भाऊ दुसऱ्या वर्गात. पहिल्या पंगतीत कुणीही असेल तर दुसरीचे पान वाढले जात नाही. इकडे तीस दिवसांपैकी तेरा सुतकातच सरले होते. दुःखाला कॅलेंडर नसते, कचेरीला असते.

अखेर ती माउलीच बोलली, "भाऊजी, रिक्षा तुम्ही चालवा. पण कागदावर नाव माझं लागेल." सासूने मान हलवली, आणि भावाने मुकाट्याने किल्ली देवापुढे ठेवली. असे सगळीकडे घडत नाही. घर-दुकानाच्या वाटण्या होतात. परवान्याचे चार तुकडे करता येत नाहीत, म्हणून भावंडे वर्षानुवर्षे कोर्टाच्या पायऱ्या झिजवतात. 'नॉमिनी लावला आहे' म्हणून निश्चिंत राहावे, तर तेही खरे नव्हे. नॉमिनी म्हणजे मालक नव्हे, हे सुप्रीम कोर्टाने १९८३ साली विम्याच्या पैशांबाबत आणि २०२३ साली शेअर्सबाबत स्पष्ट सांगितले आहे.

२०१४ च्या फेरीवाल्यांच्या कायद्याने मात्र थोडे मन दाखवले. सीताबर्डीच्या रस्त्यावरचा प्रमाणपत्रधारक विक्रेता वारला, तर प्रमाणपत्राची मुदत संपेपर्यंत त्याच्या जागी कुटुंबातल्या एकाला बसता येते. आणि त्यात पहिला मान जोडीदाराचा, मग अवलंबून असलेल्या मुलाचा. त्या टोपलीमागे एक घर उभे असते, हे कायद्याला एवढे तरी उमगले.

लक्ष्मीपूजनाला आपण चोपड्या मांडतो, त्यांना हळदकुंकू वाहतो. यंदा त्यांच्याशेजारी परवान्याचा कागदही मांडावा. त्यावरचे नाव आणि मुदत घरच्या लक्ष्मीला मोठ्याने वाचून दाखवावी, आणि तो कोणत्या कपाटात असतो तेही सांगावे. सणासुदीला असले अभद्र कशाला, असे कुणी म्हणेल. पण मुलीबाळी जवळ बसलेल्या असताना, दिव्याच्या उजेडात केलेली ही गोष्ट मला तरी मंगलच वाटते.