बारा मीटरला एक चित्र

सिनेमाचा कॅमेरा सेकंदाला चोवीस चित्रं टिपतो, हे आपल्या इतकं अंगवळणी पडलंय की तो दुसऱ्या कशाच्या हिशेबाने चालू शकेल असं मनातही येत नाही. आइसलँडचा दिग्दर्शक फ्रिड्रिक थोर फ्रिड्रिक्सन याने १९८५ साली ‘ह्रिंगुरिन’ म्हणजे ‘वर्तुळ’ या चित्रपटात तो अंतराच्या हिशेबाने चालवला. देशाला वळसा घालणाऱ्या एक नंबरच्या रस्त्यावर मोटार निघाली आणि तिला जोडलेला कॅमेरा दर बारा मीटरला एक चित्र टिपत गेला. अख्ख्या बेटाची प्रदक्षिणा पडद्यावर सुमारे ऐंशी मिनिटांत पुरी होते.

गणित मांडलं तर हा वेग ताशी हजार किलोमीटरच्या वर जातो. पण मला खिळवून ठेवतं ते वेगळंच. गाडी थांबली की कॅमेराही थांबणार. खडीच्या रस्त्यावर ती रेंगाळली की दोन चित्रांमध्ये जास्त वेळ जाणार. मग रस्ता आपल्या चालीने सरकत असताना वरचे ढग एकदम धावू लागणार. लाव्हाचे बारा मीटर आणि गावातले बारा मीटर, दोन्हींचं मोल सारखंच. नयनरम्य जागा आली म्हणून इथे क्षणभरही जास्त थांबायचं नाही. नियम एकदा ठरवून स्वतःची आवडनिवड इतकी दूर ठेवणारा माहितीपटकार विरळाच.

आइसलँडच्या जुन्या न्याल गाथेवर त्याने याआधी चित्रपट केला होता, तोही असाच. पडद्यावर गाथेच्या पुस्तकाची पानं उलटत जातात आणि शेवटी पुस्तक पेटतं. पोथीला मान देणाऱ्या आपल्या मनाला हे टोचेल. पण गाथेत न्यालला त्याच्या घरासकट जाळतात, आणि ती आग नटांकरवी उभी करण्यापेक्षा कागदावर पेटवणं मला जास्त खरं वाटतं. १९८२ साली त्याने ‘रोक्क ई रेक्याविक’मध्ये शहरातली पंक आणि रॉक मंडळी टिपली. कोवळ्या वयातली गायिका ब्योर्क त्यात आहे.

मग १९९१चा ‘चिल्ड्रन ऑफ नेचर’, आइसलँडला ऑस्करचं पहिलं नामांकन मिळवून देणारा. म्हातारा शेतकरी थोर्गेइर शेत सोडताना आपल्या कुत्र्याला स्वतः गोळी घालतो. शहरात लेकीच्या घरी सामावत नाही, वृद्धाश्रमात जातो. तिथे तरुणपणची मैत्रीण स्टेला भेटते आणि दोघं जीप पळवून पश्चिमेच्या फ्योर्डांकडे, आपल्या गावच्या मातीकडे निघतात. सुरुवातीची कितीतरी मिनिटं जवळजवळ शब्दांवाचून जातात. डोळे पुसायला लावणारं संगीत ऐन वेळी घुसवावं, असा मोह तिथे कुणालाही झाला असता. ज्याने रस्त्याचा प्रत्येक तुकडा सारख्या मापाने मोजला, त्यालाच म्हातारपणाकडे असं न दडपता, न सजवता बघता आलं, असं माझं ठाम मत आहे.

‘चिल्ड्रन ऑफ नेचर’ जरूर बघा. पण त्याआधी मोबाइल बाजूला ठेवून ‘ह्रिंगुरिन’ला ती ऐंशी मिनिटं द्या.