परक्याची ठेव

आमच्या घरीं पत्त्यांची एक जुनी वही आहे. तिच्यांत आप्त, स्नेही, विद्यार्थी, शिंपी, दूधवाला, इतकेंच नव्हे तर दिवंगत झालेले दोघे-तिघे मित्रहि सुखानें नांदत आहेत. कोणी अनोळखी गृहस्थ दारांत येऊन ती मागूं लागला असता, तर आम्हीं त्यास पायरीवरूनच वाटेस लावलें असतें. परंतु तीच वही आतां मोबाइलांत शिरली आहे. आणि मध्यंतरीं एका ॲपनें ती मागतांच आम्हीं चष्माहि न चढवितां 'होय' या शब्दावर बोट टेकविलें.

आठ दिवसांनीं एका माजी विद्यार्थिनीचा फोन आला. सासरचा छळ सोडून ती दूरच्या गांवीं एकटी राहते. ती म्हणाली, "सर, हा नवा क्रमांक मीं आपल्याखेरीज कोणासहि दिला नव्हता. त्याच क्रमांकावर मीं त्या ॲपवर नांव नोंदविलें, आणि आतां तिकडच्या मंडळींना 'आपल्या ओळखीच्या असतील' म्हणून माझें नांव दिसूं लागलें आहे." तिच्या सासऱ्यांचा क्रमांकहि आमच्या वहींत होताच. दोघांमधला दुवा आम्हींच जोडून दिला होता! तिच्या स्वरांत राग नव्हता. तो असता तर आम्हांस बरें वाटलें असतें.

हा केवळ आमचा वेंधळेपणा नव्हे. २०१८ सालीं केंब्रिज ॲनालिटिकाचें प्रकरण गाजलें, तेव्हां फेसबुकनें स्वतःच सांगितलें कीं, स्वभावचाचणीचें तें ॲप भारतांत अवघ्या ३३५ जणांनीं घेतलें होतें. मात्र त्यांच्या मित्रमंडळींसह सुमारें ५ लाख ६२ हजार लोकांची माहिती त्या वाटेनें गेली असण्याचा संभव होता. या लाखोंना कोणीं विचारलेंच नव्हतें! अशा कंपन्यांचा नफा जाहिरातींवर चालतो, आणि जाहिरात नेमक्या गिऱ्हाइकापुढें धरावयाची तर कोण कोणाचा कोण, हें ठाऊक असावें लागतें.

खाजगीपणा हा मूलभूत हक्क होय, असें सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायाधीशांनीं २०१७ सालीं ठरविलें. आमचीं गुपितें उधळण्यास आम्ही मोकळे असूं. पण विश्वासानें दिलेली परक्याची ठेव आमची कोठें होती? कंपनीची चतुराई हीच कीं, ती ज्याच्यापाशीं ठेव आहे त्याला विचारते, ज्याची आहे त्याला नव्हे.

ती परवानगी आम्हीं आतां काढून घेतली आहे. वही परत मागतां येते. वाचलेलें परत घेतां येत नाहीं. त्या मुलीनें पुन्हां क्रमांक बदलला. नवा क्रमांक तिनें आम्हांस कळविलेला नाहीं. आणि तिनें योग्य तेंच केलें, असें आम्हांस वाटतें.