बावीस की तेवीस

यंदाच्या उन्हाळ्यापासून माझा उजवा अंगठा सोनोग्राफीचा प्रोब धरायला कुरकुरतो. म्हणून नुकतीच एमडी झालेली एक मुलगी हाताखाली घेतली, सेंटरच्या नोंदणीत तिचं नाव घातलं, आणि ३१ वर्षांत पहिल्यांदा मी रिकाम्या हातांनी स्क्रीनसमोर बसले. हात रिकामे झाले की डोळे खवचट होतात.

पहिल्याच आठवड्यात आम्ही अडलो ते एका ओव्हरीच्या जाडीवर. तिनं कर्सर टेकवले, २२ मिलिमीटर. मी म्हटलं, "अगं, कडेचा तो करडा पट्टा आत घे." २३. लांबी ३०, रुंदी २८. म्हणजे तिच्या मापानं आकारमान ९.७ मिली, माझ्या मापानं १०.१. आणि पीसीओडीची रेघ आहे १० वर. टेबलावर पोरगी लघवी दाबून अवघडून पडलेली, शेजारी तिची आई, आणि आम्ही दोघी एका मिलिमीटरवर हटून बसलेल्या.

"लग्न झालंय का?" हे आमच्याकडे बाहेर काउंटरवरच विचारतात. कुठला प्रोब घ्यायचा ते त्यावर ठरतं. लग्न न झालेल्या मुलीची तपासणी पोटावरूनच. चरबी आणि आतड्यातला गॅस यांच्याआडून फॉलिकल मोजणं म्हणजे धुक्यात समोरच्या घराची कौलं मोजणं. एकच दोनदा मोजला जातो, चिकटलेले दोन एक होतात. तरी मी मोजत आले. २००३ साली रॉटरडॅमच्या बैठकीत पीसीओडीसाठी एका ओव्हरीत १२ फॉलिकल ठरले. मग मशिनं इतकी सुधारली की धडधाकट बायकांतही १२ दिसू लागले, आणि २०१८ मध्ये, तेही आतून तपासताना, आकडा २० वर गेला. मधल्या वर्षांत १३-१४ वर ज्यांच्या नावापुढे मी पीसीओडी लिहिलं, त्यांना कुणी कळवलं नाही. मीही नाही.

खरं तर मला ते चित्र फार आवडायचं. ओव्हरीच्या कडेनं ओळीत बसलेले काळे मणी. गावातले डॉक्टर म्हणत, मोत्यांचा सर बघायचा तर मॅडमकडेच पाठवा. मग मीही इमेज अशी गोठवायची की एकही मणी सुटू नये. पलीकडच्या गल्लीतल्या सेंटरात 'बल्की ओव्हरीज' हे शब्द रिपोर्टात आधीच टाइप करून ठेवलेले असतात, म्हणून मी हसते. माझे शब्द हातानं टाइप केलेले असत, एवढाच फरक.

शिकागोच्या स्टाइन आणि लेव्हेंथल यांनी १९३५ मध्ये सात बायकांबद्दल लिहिलं. स्टाइन पोटात वायू भरून एक्स-रेवर ओव्हरी बघायचा. पण त्यांच्याकडे आधी पाळी न येणारी बाई आली होती, ओव्हरी मागाहून. आमच्याकडे पाळी दहा दिवस लांबली की थेट सोनोग्राफीची चिठ्ठी. पोरीची आई सांगत असते, "मान कितीही घासली तरी काळी ती काळीच." त्या मानेत इन्सुलिनची जी गोष्ट लिहिलेली असते, ती माझ्या मशिनला दिसत नाही. रिपोर्टात मानेला रकाना नाही.

मार्चमध्ये एक बाई आली, तिशी ओलांडलेली. बरोबर माझाच २००९ चा रिपोर्ट, जपून लॅमिनेट केलेला. थर्मल कागदावरची इमेज लॅमिनेशनच्या उष्णतेनं पार काळी पडलेली. मोती, कडा, काही नाही. खालची ओळ मात्र स्वच्छ वाचता येत होती: 'सजेस्टिव्ह ऑफ पीसीओडी'. रिपोर्टावर वय १६. आता तिला अठरावा आठवडा चालू होता. "मला राहणारच नाही असं होतं ना," ती म्हणाली, "म्हणून पाळी चुकली तरी लक्षच दिलं नाही." असं मी कुठं लिहिलं होतं? कुठंच नाही. गरोदर बाईच्या सोनोग्राफीचा फॉर्म 'एफ' भरताना तेवढंच मनात घोळत राहिलं.

तर त्या मिलिमीटरचं. मी माझा पट्टा समजावून सांगत होते, तेवढ्यात हाताखालच्या मुलीनं आईला विचारलं, "हिला पहिली पाळी कधी आली?" पोरगी सतरा वर्षांची, पाळी येऊन चार वर्षं झालेली. पाळी सुरू झाल्यापासून आठ वर्षं होईपर्यंत सोनोग्राफीवरून पीसीओडीचं निदान करायचंच नाही, हे मला ठाऊक होतं. मी बाहेर व्याख्यानांत सांगते! २२ असो की २३, त्या पोरीला काडीचा फरक पडत नव्हता. हाताखालची माझ्याकडे बघत नव्हती, जेल पुसत होती.

रिपोर्टात मापं लिहिली, तो शब्द लिहिला नाही. संध्याकाळी पाठवणाऱ्या डॉक्टरांचा फोन आला. "मॅडम, आहे की नाही तेवढं सांगा." मी म्हटलं, पाळी किती दिवसांनी येते ते विचारा, टीएसएच आणि प्रोलॅक्टिन करा. ते जरा नाराजच झाले.

सगळे गेल्यावर मशिन बंद करायच्या आधी मी ती इमेज पुन्हा उघडली आणि डाव्या हातानं कर्सर टेकवले. तेवीसच.