वॉटरमार्क : नाशिकच्या दोन खुणा

१/ ‘वॉटरमार्क’ हा इंग्रजी जोडशब्द साधा आहे : पाणी आणि खूण. अर्थ मात्र दोन. पुराचे पाणी जिथवर चढले तिथली खूण, आणि कागद उजेडासमोर धरला की दिसणारी आकृती. मराठीने दोन वेगळे शब्द केले : पूररेषा आणि जलचिन्ह. नाशिकमध्ये हे दोन्ही अर्थ शेजारी नांदतात.

२/ पहिला अर्थ रामकुंडाजवळ भेटतो. तिथे दुतोंड्या मारुती गोदावरीच्या पात्रातच उभा आहे. गंगापूर धरणातून किती क्युसेक पाणी सोडले हे बातमीत येते, नाशिककर मात्र विचारतो, “मारुतीच्या कुठवर आलं?” गुडघा, कंबर, छाती, गळा, ही इथली मोजपट्टी. २००८ आणि २०१९ च्या पुरांत पाणी मूर्तीच्या डोक्यावरून गेले.

३/ पलीकडे पंचवटीत १७४७ मधील नारोशंकराचे मंदिर आहे. त्याच्या घंटेला पाणी लागले की महापूर, अशी लोकांची खूणगाठ.

४/ दुसरा अर्थ नाशिकरोडला. भारताची टपाल तिकिटे पूर्वी लंडनची ‘डी ला रू’ कंपनी छापत असे. १९२५ च्या सुमारास नाशिकरोडला सिक्युरिटी प्रेस आला, १९२८ मध्ये नोटांचा छापखाना. लंडनच्या तिकिटांच्या कागदात एकच तारा असे, नाशिकच्या तिकिटांत अनेक. संग्राहक आजही तिकीट उलटून हे तारे शोधतात.

५/ जलचिन्ह छापलेले नसते. कागदाचा ओला लगदा जाळीवर पसरतानाच आकृतीप्रमाणे कुठे जाड, कुठे पातळ बसतो. वाळला की खूण कायमची. म्हणून नोट नाशिकची असली, तरी तिची खूण कागदगिरणीतली. १९६८ मध्ये होशंगाबादची गिरणी सुरू झाली. त्याआधी हा कागद परदेशातून येई. १९९६ च्या मालिकेपासून त्यात महात्मा गांधी दिसतात. पूर्वी अशोकस्तंभाचे सिंहशीर्ष असे.

६/ दोन्ही अर्थांचे नाते इथे कळते. खूण पाणी असतानाच उमटते आणि पाणी ओसरल्यावर साक्ष देते. ती मागाहून घालता येत नाही. आजकाल छायाचित्रावर टाकतात त्या ‘वॉटरमार्क’मध्ये पाणी नाही; तो नंतर चढवलेला, म्हणून पुसताही येणारा.

७/ २००८ च्या पुरानंतर नाशिकच्या नकाशावर पूररेषा आखल्या गेल्या. निळी रेषा पंचवीस वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची, लाल रेषा शंभर वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची. नकाशावरच्या रेषेबद्दल वाद घालता येतो. मारुतीच्या गळ्याशी आलेल्या पाण्याशी घालता येत नाही.

८/ पाचशेची नोट घेताना माणूस ती उजेडासमोर धरून खूण तपासतो. नदीकाठी घर घेताना मात्र पाणी कुठवर आले होते, हे फार थोडे जण विचारतात.