दादीची चिमणी

३ जून २०२० ला निसर्ग चक्रीवादळ आलं आणि आमच्या दिघीतली वीज कित्येक दिवस गेली. त्या दिवसांत दादी तहज्जुदला उठायची ती चिमणी घेऊन. वजूला जाताना पडवीत वाऱ्याने वात विझू नये म्हणून पुढे तळहात धरायची. मी अंथरुणातून पाहत असे. तिच्या बोटांच्या कडा लाल दिसायच्या.

तिचा फोटो आमच्याकडे आधार कार्डावरचा तेवढा एक. तसवीर तिला मान्य नव्हती. मी कॉम्प्युटरवर ब्लेंडर शिकू लागलो तेव्हा, "जान नसलेलं काहीतरी काढ रे," एवढंच म्हणाली. मी होड्या काढल्या, माड काढले. ती गेल्यावर मात्र तो हात डोक्यातून जाईना. चेहरा नको, फक्त हात आणि चिमणी. ही मी स्वतःपुरती काढलेली वाट. कुणा मौलानांना विचारलं नाही.

हाताचा आकार आठवड्यात जमला. उजेड जमेना. हात दिसावा म्हणून ज्योत वाढवली तर पडवी लग्नाच्या मांडवासारखी झाली. चूक माझी होती: भिंत उजळायला मी आणखी दोन दिवे लपवले होते. खरा उजेड अंतर दुप्पट झालं की चौथाईवर येतो. हातावर लख्ख, भिंतीवर जेमतेम. ते दोन्ही दिवे काढले, ज्योतीचा रंग १९०० केल्विनच्या आसपास आणला. पडवी आमची झाली, पण हात प्लास्टरचाच राहिला.

तेव्हा हळदणकर आठवले. सावंतवाडीत जन्मलेल्या सावळाराम हळदणकरांचं 'ग्लो ऑफ होप' तुम्ही कॅलेंडरवर नक्की पाहिलं असेल: दिवा घेतलेली बाई, ज्योतीपुढे तळहात. अनेकजण ते रविवर्म्याचं समजतात. मूळ चित्र मैसूरच्या जगनमोहन पॅलेसमध्ये आहे, आणि ते जलरंगातलं आहे! त्यातली बोटं नुसती उजळलेली नाहीत, आतून पेटल्यासारखी आहेत.

कातडीवर पडलेला सगळा उजेड वरूनच परतत नाही. थोडा आत शिरतो, भटकतो, दुसरीकडून बाहेर पडतो. आणि लाल उजेड निळ्यापेक्षा खोल जातो. याला सबसरफेस स्कॅटरिंग म्हणतात. ब्लेंडरमध्ये लाल, हिरवा, निळा यांचं प्रमाण मुळातच १, ०.२, ०.१ असं दिलेलं असतं. मी हौसेने खोली वाढवली तर हात मेणबत्तीचा झाला. काही मिलिमीटरवर आणली तेव्हा लाली फक्त कडांना उरली.

'कॅमेरा मुसलमानांनी शोधला' असले फॉरवर्ड मला आवडत नाहीत. पण इब्न अल-हैसमने अकराव्या शतकात 'किताब अल-मनाझिर'मध्ये मांडलं होतं की किरण डोळ्यातून निघत नाहीत, वस्तूकडून डोळ्यात येतात. गंमत अशी की ब्लेंडरचं सायकल्स इंजिन किरण उलटे, कॅमेऱ्यातूनच सोडतं. दिव्याचे बहुतेक किरण कॅमेऱ्यापर्यंत पोहोचतच नाहीत, मग त्यांचा हिशेब कशाला ठेवायचा?

रात्रभर रेंडर चाललं. सकाळी फजरनंतर अब्बांना दाखवलं. ते बराच वेळ पाहत राहिले. मला वाटलं, आता तसवीरीवरून बोलतील.

"करंगळी," ते म्हणाले. "तिची करंगळी वाकडी होती. तुला ठाऊक नाही?"

खरंच ठाऊक नव्हतं. मी फाइल परत उघडली. अब्बा खुर्ची ओढून शेजारी बसले.