भारूड, प्रहसन आणि आमची बोली

दूरचित्रवाणीवरील गाण्याबजावण्यासह रंगणारे उपहासात्मक प्रहसन आपल्याकडे अवचित उगवलेले नाही. १९७२ मध्ये मुंबई दूरदर्शन सुरू झाले आणि ‘गजरा’ने मराठी घरांना छोट्या प्रहसनांची गोडी लावली, हे खरे, पण या प्रकाराचे मूळ शोधायचे तर तमाशातील बतावणीपर्यंत आणि त्याहीमागे सोळाव्या शतकातील संत एकनाथांच्या भारुडापर्यंत जावे लागते. सोंग, संवाद, गाणे आणि लोकव्यवहाराला काढलेला चिमटा, हे सारे तेथे आहे.

भारुडातील गाणे मात्र केवळ करमणुकीपुरते नसते. ‘विंचू’ या भारुडात दंशाने कळवळणाऱ्याला पाहून आपण हसतो. हा विंचू म्हणजे कामक्रोध, हे उलगडते तोवर टाळकऱ्यांबरोबर ध्रुपद आपणही धरलेले असते. हसणारा नकळत सोंगात ओढला जातो. आजच्या प्रहसनात संगीताचे काम बहुधा कोठे हसावे हे सुचवण्याचे असते. प्रेक्षक बाहेरच राहतो.

हे सर्वत्र लागू नाही. २०१४ मध्ये झी मराठीवर सुरू झालेल्या ‘चला हवा येऊ द्या’मध्ये सागर कारंडे पोस्टमन होऊन अरविंद जगतापांनी लिहिलेली पत्रे वाचत, तेव्हा हशा थांबे आणि प्रेक्षक अंतर्मुख होई. त्याच कार्यक्रमात भारत गणेशपुरे यांच्या वऱ्हाडीने बोलीला घरोघरी ओळख दिली.

आम्हाला या ओळखीविषयीच थोडे बोलायचे आहे. आम्ही मराठी शिकवतो तो हिंगोली जिल्हा. सेनगाव ओलांडून वाशीमकडे जाऊ लागले की मराठवाडी बोलीत वऱ्हाडी मिसळत जाते. आमचे विद्यार्थी तोंडी परीक्षेत प्रत्येक वाक्य मनात प्रमाणभाषेत घोळवूनच उच्चारतात. स्नेहसंमेलनात तीच मुले घरची बोली मोकळेपणी बोलतात, कारण तेथे हशा पिकवायचा असतो. बोलीला रंगमंच मिळाला, पण भूमिका विनोदी पात्राचीच!

एकनाथांनी लोकांच्या बोलीतून हसवले आणि त्याच बोलीतून अध्यात्मही सांगितले. बोली तेथे विचार वाहून नेते. आपल्या वर्गात भारूड शिकवताना रूपकाचा अर्थ आपण फळ्यावर लिहून देतो. तोच अर्थ विद्यार्थ्याला त्याच्या घरच्या बोलीत, कोणीही न हसता, सांगता येईल असा तास आपल्यापैकी किती जण घेतो?